‘यात झालं काय?’ : एका माणसाचा रोजचा दिवस दाखवणारी फिल्म बघायची कशी

मिरजेतल्या एका लहान हॉलमध्ये आम्ही चौदा मिनिटांची फिल्म दाखवली. साठेक माणसं होती. फिल्म संपली, दिवे लागले, टाळ्या पडल्या आणि पहिल्या रांगेतले एक निवृत्त गुरुजी उठून म्हणाले, “छान आहे. पण यात झालं काय?” मागून एका बाईंनी भर घातली, “कुणी काही सांगतच नाही हो. ते गृहस्थ कोण, कधीपासून हे करतात, काहीच कळेना.” हॉल हसला. मीही हसलो, पण घरी पोचेपर्यंत तो प्रश्न डोक्यात घोळत राहिला. दोघांचंही चुकलं नव्हतं. अशी फिल्म बघायची कशी, हे आपल्याला कुणी कधी सांगितलेलंच नाही.

फिल्म होती सतारमेकर गल्लीतल्या एका कारागिराची. गल्ली त्यांना चाचा म्हणते, मीही तेच म्हणतो. चाचा तंबोऱ्याची जवारी लावतात. तंबोऱ्याच्या तारा ज्या घोडीवरून जातात तिचा माथा कानशीनं असा घासायचा, की तार तिला ओझरती चाटून जाईल. मग प्रत्येक तारेखाली सुताचा एक धागा सरकवायचा. धागा नेमक्या जागी आला की ठस आवाजाला झंकार फुटतो. गायकाच्या मागं जी भरून राहिलेली गुंजन ऐकू येते, ती इथून येते.

२०२४ मध्ये मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं. तेव्हापासून गल्लीत कॅमेरे घेऊन येणारे वाढलेत. ‘चाचा, इकडं बघून दोन शब्द बोला’ हे वाक्य त्यांना पाठ झालंय. आम्ही गेलो आणि बोला असं काही म्हटलंच नाही, तेव्हा पंचाईत त्यांची झाली.

“तुमी काय इचारणार न्हाई, तर मी करू काय?”

“रोज करता तेच, चाचा.”

“त्यात काय बघायचंय?”

म्हणजे गुरुजींचा प्रश्न त्यांच्याआधी चाचांनीच विचारला होता.

आधी नाव समजून घेऊ

या प्रकाराला निरीक्षणात्मक माहितीपट म्हणतात. नाव जड आहे, एकदा सांगून बाजूला ठेवतो. अर्थ सोपा आहे. मागून समजावून सांगणारा आवाज नाही, मुलाखत नाही, आणि समोरच्याला ‘असं करा, तसं करा’ म्हणायचं नाही. जे चाललंय ते चालू द्यायचं आणि बघत राहायचं.

लग्नाचा व्हिडिओ आठवा. शूटिंगवाला म्हणतो, ‘वहिनी, हार परत एकदा घाला, या बाजूनं.’ नवरदेव तिसऱ्यांदा लाजतो. आता त्याच लग्नात स्वयंपाकघराच्या दारात पाटावर बसलेली आत्या आठवा. ती कुणाला काही करायला सांगत नाही. पण कुणाचा मान राहिला, कोणत्या काकूंनी पान अर्धं टाकलं, नवरीची आई मांडवामागं जाऊन डोळे कधी पुसून आली, हे फक्त तिला माहीत असतं. आमचा कॅमेरा म्हणजे ही आत्या. (आत्या नंतर ते चार घरी कसं सांगते, हा वेगळा विषय. तो संपादनाचा विषय आहे, त्याकडं येऊच.)

मराठी वाचकाला व्यक्तिचित्र नवं नाही. फरक इतकाच, की लिहिणारा ‘माणूस मोठा काटकसरी’ असं एका वाक्यात सांगून मोकळा होतो. कॅमेऱ्याला ‘काटकसरी’ हा शब्द उच्चारता येत नाही. चाचा उतरवलेली जुनी तार फेकत नाहीत, बोटाभोवती वेटोळं करून झंडू बामच्या रिकाम्या बाटलीत घालतात. ते दिसलं तर काटकसर दिसली, नाही तर नाही.

आणि लघु म्हणजे किती? ऑस्करच्या नियमात नामावलीसकट ४० मिनिटांपर्यंतचा माहितीपट ‘लघु’ धरतात. एका माणसाच्या दिवसाला दहा ते वीस मिनिटं पुष्कळ होतात, असं माझं मत आहे.

हे आधी कुणाला सुचलं नव्हतं का?

सुचलं असेल, पण जमत नव्हतं. आपल्याकडं सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, १८९९ मध्ये मुंबईत कुस्ती चित्रित केली. पण ती मुकी. पुढं बोलपट आले तेव्हा कॅमेऱ्याची घरघर ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून त्याला पेटीत कोंडावं लागे. त्यात दिव्यांचा पसारा, तिकाटणं, वायरी. एवढं लटांबर घेऊन कुणाच्या दुकानात शिरलात तर तिथं रोजचं काय उरणार?

१९५० च्या दशकाच्या अखेरीस दोन वस्तू हलक्या झाल्या. १६ मिलिमीटरचा कॅमेरा खांद्यावर पेलण्याइतका आणि टेप रेकॉर्डर गळ्यात अडकवण्याइतका. १९६० मध्ये अमेरिकेत रॉबर्ट ड्र्यू आणि त्यांचे सहकारी विस्कॉन्सिन राज्यातल्या पक्षांतर्गत निवडणुकीत केनेडी आणि हम्फ्री या दोन उमेदवारांच्या मागं असेच फिरले, गर्दीतून, गाडीतून, खोलीतून. इथून या प्रकारानं बाळसं धरलं. फ्रान्समध्ये त्याच सुमाराला ज्याँ रूश यांनी उलटी वाट धरली. त्यांच्या १९६१ च्या फिल्ममध्ये रस्त्यावरच्या लोकांना थेट विचारलंय, ‘तुम्ही सुखी आहात का?’ एकानं गप्प बसून बघितलं, दुसऱ्यानं डिवचून बघितलं. दोघांचं म्हणणं एकच, की खरं आम्हाला सापडतं. हे भांडण अजून मिटलेलं नाही.

त्या काळात ४०० फुटांचं १६ मिलिमीटरचं रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालायचं. बटण दाबताना हात आखडायचा. आज मेमरी कार्ड तासन्‌तास चालतं, आणि नेमकी तीच अडचण होऊन बसलीय.

मग सीसीटीव्ही आणि यात फरक काय?

हा मला सगळ्यात आवडलेला आक्षेप. चहा पिताना एका कॉलेजच्या पोरानं विचारला. दुकानातला सीसीटीव्हीही काही सांगत नाही, कुणाला थांबवत नाही, दिवसभर बघतो. मग ती फिल्म का नाही?

कारण सीसीटीव्हीला काहीच महत्त्वाचं वाटत नाही. गिऱ्हाईक आलं काय, पाल सरकली काय, त्याला दोन्ही सारखंच. तो कुठं वळत नाही, कुणाच्या हाताजवळ जात नाही, आणि नंतर काही टाकूनही देत नाही.

आमच्या भागात गुऱ्हाळ सगळ्यांनी बघितलंय. साधारण दहा किलो ऊस गाळला की किलोभर, फार तर त्याहून थोडा जास्त गूळ हाती येतो. बाकी चिपाड, वाफ आणि वर येणारी मळी. गुळव्याचं कसब कशात, तर मळी कधी काढायची आणि काहील कधी उतरवायची यात. आम्ही सहा दिवसांत २१ तासांचं चित्रण केलं आणि त्यातून १४ मिनिटं ठेवली. म्हणजे नव्वदास एक. गुऱ्हाळवाला आमच्यापेक्षा किती नफ्यात आहे बघा.

गुरुजींचा प्रश्न इथं पुन्हा भेटतो. ‘काही झालं नाही’ असं वाटणाऱ्या या चौदा मिनिटांमागं वीस तास शेहेचाळीस मिनिटं अशी आहेत, ज्यात आमच्या मते खरोखरच काही झालं नव्हतं.

कॅमेऱ्यासमोर कुणी खरं वागतं का?

पहिल्या दिवशी नाही. त्या दिवशी चाचा इस्त्रीचा पांढरा सदरा घालून बसले होते. समोरचा भुसा झाडलेला, कानशी आकारानं ओळीत लावलेल्या. शेजारच्या दुकानातलं पोरगं दर दहा मिनिटांनी कॅमेऱ्यासमोरून उगाच जात होतं. ते सगळं चित्रण आम्ही टाकून दिलं. टाकून देण्यासाठीच ते केलेलं असतं म्हणा ना.

तिसऱ्या दिवशी चाचा बनियनवर होते. पुण्याच्या एका गिऱ्हाइकाचा फोन आला, तंबोरा झाला का म्हणून. चाचा म्हणाले, “झालाच समजा, उद्या सकाळी लावतो गाडीला.” तंबोऱ्याला अजून खुंट्या बसायच्या होत्या. फोन ठेवल्यावर त्यांनी कॅमेऱ्याकडं बघितलंसुद्धा नाही, खिशातून तंबाखूची पुडी काढली. तेव्हा आमचा कॅमेरामन मला हळूच म्हणाला, “आता आपण दिसायचे बंद झालो.”

पूर्ण दिसेनासे कधीच होत नाही, हेही सांगायला हवं. सासरी आलेली सून सहा महिन्यांनी घरातली होते, तरी सासूबाई तिच्यासमोर सगळंच बोलत नाहीत. कॅमेऱ्याचं तसंच आहे. पण माणसाला हातातलं काम असेल तर ते काम त्याला कॅमेऱ्यापेक्षा जास्त ओढतं. जवारी लावताना कान दुसरीकडं ठेवून चालतच नाही. म्हणून मी नेहमी सांगतो, पहिली फिल्म करायची तर हातानं काम करणारा माणूस निवडा.

कापाकापी आली म्हणजे खोटेपणा आलाच ना?

आला की नाही, हे काय कापलं आणि कशाला जोडलं यावर आहे.

माहितीपटाच्या इतिहासातलं सगळ्यात गाजलेलं उदाहरण १९२२ चं. रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा ‘नानुक ऑफ द नॉर्थ’, कॅनडाच्या उत्तरेकडच्या एका इनुइट माणसाचं रोजचं जगणं. लोकांनी डोक्यावर घेतला. पुढं कळलं, की त्या माणसाचं नाव नानुक नव्हतंच, अलाकारिआलाक होतं. फिल्ममधली बायको त्याची बायको नव्हती. बर्फाच्या घराला एक बाजूच नव्हती, कारण आत उजेड हवा होता. शिकारीला तिथले लोक तेव्हा बंदुका वापरत असताना त्याला भाला घेऊन पाठवलेलं होतं. कॅमेऱ्याच्या अडचणीपायी घराची भिंत काढली, हे मी समजू शकतो. बंदूक लपवून भाला दिला, ते मला पटत नाही. भिंत काढल्यानं त्या माणसाबद्दल काही खोटं सांगितलं गेलं नाही. भाल्यानं सांगितलं गेलं.

आमचीही झडती घेतो. ‘एका दिवसाची’ म्हणवणारी फिल्म सहा दिवसांत केली, हे वर सांगितलंच. त्यात दुपारचा चहा येतो, तो ग्लास गुरुवारचा आहे आणि त्याआधीचं काम मंगळवारचं. चहा रोज त्याच वेळी त्याच हातानं येतो, म्हणून मला त्यात गैर वाटत नाही.

पण एका ठिकाणी आम्ही दोन दिवस भांडलो. चाचा काम करता करता मान वर करून दाराकडं बघतात, जरा थांबतात, पुन्हा खाली बघतात. सुंदर शॉट. आमच्याकडं दुसरा एक शॉट होता, गल्लीतून ब्लूटूथ स्पीकर दणदणवत जाणारी तीन पोरं. हे दोन शेजारी ठेवले की आपोआप अर्थ निघतो : जुनी कला, नवी पिढी, बिचारे चाचा. सुमारे शंभर वर्षांपूर्वी रशियात लेव्ह कुलेशोव्ह यांनी हेच करून दाखवलं होतं. नटाचा तोच कोरा चेहरा सुपाच्या वाडग्याशेजारी ठेवला की भुकेला वाटतो आणि शवपेटीशेजारी ठेवला की दुःखी. प्रत्यक्षात चाचांनी बघितलं होतं ते मांजराकडं. पत्र्यावरून ते धपकन खाली पडलं होतं. आम्ही मांजर ठेवलं.

पण कंटाळा येतो, त्याचं काय?

येतो. मलाही कित्येक फिल्म बघताना येतो. शॉट लांबवला म्हणजे फिल्म खोल झाली, असा एक गैरसमज आमच्या लोकांत आहेच. आमच्याच फिल्ममध्ये कृष्णाघाटावरच्या पहाटेचा एक शॉट आहे, धुकं, पायऱ्या, बगळा. चाचा त्या घाटावर कधी जातही नाहीत. निव्वळ शोभेचा आहे, दर वेळी मला खुपतो.

एक शॉट मात्र मी मुद्दाम समजावतो. एक मिनिट पन्नास सेकंदांचा आहे, मध्ये कुठं कापलेला नाही. चाचा मांडी घालून बसलेत, तंबोरा मांडीवर आडवा. डाव्या हाताच्या नखानं ते पहिल्या तारेखालचा धागा केसभर पुढं ढकलतात, उजव्या हातानं तार छेडतात. ठस. धागा मागं. पुन्हा छेडतात. पुन्हा ठस. सव्वा मिनिट हेच. मग ते धागा सोडून तारा बाजूला सारतात, घोडीवर कानस फिरवतात, तीनदा, फक्त तीनदा, फुंकर मारतात, तारा जागेवर घेतात, धागा सरकवतात. आणि तार छेडल्यावर खोलीभर झंकार पसरतो. चाचांचा चेहरा बदलत नाही. फक्त मान किंचित तिरकी होते.

हे दहा सेकंदांतही दाखवता आलं असतं. आधी ठस, नंतर झंकार, झालं. माहिती तेवढीच पोचली असती. पण ते सव्वा मिनिट तुम्ही आवाज बंद, बंद, बंद असा ऐकलेला नसेल, तर उघडल्यावर तो उघडला हे तुमच्या कानाला कळणार नाही. मिरजेत हे खरं तर सांगायला लागू नये. हे अब्दुल करीम खाँसाहेबांचं गाव. मीरासाहेबांच्या दर्ग्यात त्यांच्या नावानं रात्र-रात्र गाणं चालतं. तिथं विलंबित आलापी सुरू असताना कुणी उठून ‘यात झालं काय?’ असं विचारत नाही. सूर लागेपर्यंत बसायची आपल्याला सवय आहे. पडद्यासमोर ती आपण चपलांबरोबर बाहेर काढून ठेवतो, एवढंच.

बघणाऱ्यानं काय करावं? गोष्ट शोधू नये. हात बघावेत. पडद्याबाहेरचे आवाज ऐकावेत, कारण जागा त्यातून कळते. आणि एकच प्रश्न मनाशी ठेवावा : शॉट सुरू झाला तेव्हा आणि संपला तेव्हा, यात बदललं काय?

मोबाइलवर जमेल का?

चित्र जमेल, आवाज फसेल. मोबाइलचा माइक डोक्यावरचा पंखा आधी ऐकतो, माणूस नंतर. पंखा बंद करा म्हणाल, तर मे महिन्यात मिरजेत ते सांगून बघा. म्हणून कॉलरला लावायचा साधा माइक घ्या, उरलेले पैसे वाचवा. झूम करू नका, उठून जवळ जा. एका जागी निदान मिनिटभर थांबा. आणि जागेचा हिशोब ठेवा. चांगल्या दर्जाचं चित्रण सेकंदाला १०० मेगाबिट या दरानं केलं, तर तासाला ४५ जीबी होतात. आमचे २१ तास साठवायला एक टीबीची हार्ड डिस्क जवळजवळ भरली.

आणि त्या माणसाला यातून काय मिळतं?

हा प्रश्न हॉलमध्ये कुणी विचारला नाही. विचारायला हवा होता.

आधी परवानगी. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचं सांगितलं. पण कायद्यानं भागतं असं नाही. संमतीपत्रावर सही घेणं सोपं आहे. सही करणाऱ्याला आपण पडद्यावर कसे दिसणार, हे त्या क्षणी कुठं माहीत असतं? म्हणून आम्ही फिल्म पुरी व्हायच्या आधी लॅपटॉप घेऊन चाचांच्या घरी गेलो, सगळ्यांना बसवून दाखवली. चाचा म्हणाले, “तेवढा फोन काढा.” एक फोन होता, पावणेदोन मिनिटांचा. कुणाचा, कशाबद्दल, ते इथंही सांगणार नाही. गुरुजींना हवं होतं ते ‘काहीतरी होणं’ नेमकं त्या फोनात होतं. काढला. त्या रात्री जेवण गेलं नाही, हेही खरं.

पैशांबद्दल दोन मतं आहेत. पैसे देऊन काम करवलं की तो माणूस नट होतो, न देता करवलं की तो फुकट राबतो. आमच्यामुळं त्यांचं जे काम खोळंबलं, त्याची भरपाई आम्ही चित्रण संपल्यावर दिली. आधी बोललो नव्हतो. याहून बरा मार्ग असेल तर मला हवा आहे.

हॉलमधल्या त्या संध्याकाळी चाचाही आले होते, इस्त्रीच्या सदऱ्यात. घरी लॅपटॉपच्या चिमणीएवढ्या स्पीकरवर त्यांना फिल्म दिसली होती, ऐकू आली नव्हती. इथं मोठे स्पीकर होते. गुरुजींचा प्रश्न झाला, माझं लांबलचक उत्तर झालं, लोक चहाकडं वळले. चाचांनी मला बाजूला घेतलं.

“ती जवारी लावतो बघा मी. तिथनं पुढचं का काढलं?”

“पुढचं काय, चाचा? आवाज खुलला की तिथं.”

“कुठं खुलला? जोडाची तार अजून बंद बोलती. एक हात मारायचा राहिलाय. तुमी आधीच उठलासा.”

मी घरी येऊन मूळ फाइल लावली. झंकार झाला, चाचांची मान तिरकी झाली, आम्ही जिथं कापलं होतं ती जागा गेली. कॅमेरा चालूच होता. चाचा मान तशीच ठेवून ऐकत होते. चोवीस सेकंदांनी त्यांनी तारा पुन्हा बाजूला सारल्या आणि कानस उचलली.